मोगलाईच्या हद्दीवर : दुसरबीड परिसरातील एका वृद्धेच्या स्मृतीतले १९४८

बुलढाणा जिल्ह्याच्या दक्षिण भागात, सिंदखेड राजा तालुक्यात, मेहकरहून जालन्याकडे जाणाऱ्या रस्त्यावर दुसरबीड हे गाव वसलेले आहे. आजच्या नकाशात ते विदर्भाच्या कडेला दिसते आणि ही कड ओलांडली की मराठवाडा सुरू होतो, एवढाच तिचा अर्थ उरला आहे. परंतु १९४८पूर्वी याच कडेच्या दोन बाजूंना दोन राज्ये, दोन नाणी, दोन प्रकारची न्यायालये आणि शाळेच्या दोन भाषा होत्या. पलीकडच्या मुलखाला, म्हणजे हैदराबादच्या निजामाच्या राज्याला, अलीकडची माणसे ‘मोगलाई’ म्हणत असत. मोगल बादशाही केव्हाच लयाला गेली होती, तरी तिच्या सुभेदाराने स्थापलेले राज्य लोकांच्या बोलण्यात त्याच नावाने टिकून राहिले, आणि दुसरबीडच्या परिसरातील नव्वदीच्या घरातील माणसे आजही मंठा, परतूर, जालना या भागांचा उल्लेख करताना क्वचित तो शब्द वापरतात.

या सीमेचे कायदेशीर स्वरूप मोठे गुंतागुंतीचे होते. वऱ्हाड, म्हणजे आजच्या बुलढाणा, अकोला, वाशीम, अमरावती आणि यवतमाळ या जिल्ह्यांचा प्रदेश, मुळात निजामाचाच होता. हैदराबाद कंटिन्जंट या नावाने इंग्रजांनी निजामाच्या खर्चाने जी फौज उभी केली, तिच्या थकलेल्या खर्चापोटी १८५३च्या तहाने हा प्रदेश इंग्रजांच्या कारभाराखाली गेला, आणि १९०२ साली लॉर्ड कर्झनच्या काळात वार्षिक २५ लाख रुपयांच्या मोबदल्यात तो कायमच्या पट्ट्याने घेण्यात येऊन पुढच्या वर्षी मध्य प्रांताला जोडला गेला. मालकी मात्र कागदोपत्री निजामाचीच राहिली, इतकी की १९३६ साली त्याच्या थोरल्या पुत्राला ‘प्रिन्स ऑफ बेरार’ असा किताब देण्यात आला. मेहकर तालुक्यातल्या शेतकऱ्याचा सारा नागपूरच्या सरकारकडे जाई, मुलगा मराठी शाळेत जाई, खटला इंग्रजी कायद्याने चाले, आणि तरीही तो ज्या भूमीवर उभा होता तिचा नाममात्र सार्वभौम हैदराबादेत बसलेला असे. १९४७च्या वाटाघाटींत निजामाने वऱ्हाडचा प्रश्न पुन्हा उकरून काढला, तेव्हा सीमेवरच्या गावांना वाटलेली धास्ती या पार्श्वभूमीवर समजून घ्यावी लागते. आपण मोगलाईच्या बाहेर आहोत ही खात्री त्यांना तहाच्या एका कागदाने दिली होती, आणि दुसऱ्या कागदाने ती काढून घेतली जाऊ शकेल अशी भीती त्यांना होती.

ज्या राजवटीच्या अंताची आठवण या परिसरात अजून जिवंत आहे, तिचा आरंभही याच तालुक्यात झाला, ही गोष्ट येथून जाणाऱ्या प्रवाशाला सहसा कोणी सांगत नाही. सिंदखेड राजा तालुक्यातील साखरखेर्डा येथे ऑक्टोबर १७२४मध्ये निजाम-उल-मुल्क याने दख्खनचा सुभेदार मुबारिझखान याचा पराभव करून त्याला ठार केले, आणि दिल्लीच्या हुकमतीतून प्रत्यक्षात मोकळ्या झालेल्या आसफजाही घराण्याची सत्ता या लढाईपासून मोजली जाते. त्या विजयावरून गावाला फतेहखेर्डा असे नावही देण्यात आले होते. एका राजघराण्याची २२४ वर्षांची कारकीर्द ज्या भूमीवर सुरू झाली, तिच्या जवळच्याच वस्त्यांनी तिच्या शेवटच्या वर्षातले निर्वासित सामावून घेतले. इतिहासाच्या पुस्तकांत ही दोन टोके वेगवेगळ्या प्रकरणांत पडतात, पण साखरखेर्डा आणि दुसरबीड एकाच दौऱ्यात पाहणाऱ्याला ती एकत्र दिसतात.

मेहकरहून निघालेली एस.टी. सुलतानपूर आणि बिबी ही गावे मागे टाकून दुसरबीडला पोहोचते. दुतर्फा काळी जमीन आहे. पूर्वी तिच्यावर कापूस आणि ज्वारी असे, आता पावसाळ्यात जिकडेतिकडे सोयाबीन दिसते आणि मधल्या ओळींत तूर उभी असते. परिसरातून खडकपूर्णा नदी वाहते, जिच्यावर देऊळगाव राजा तालुक्यात बांधलेल्या धरणाला, जवळच्या मेहुणा राजा या जन्मगावाची आठवण म्हणून, संत चोखामेळा यांचे नाव दिलेले आहे. दुसरबीडची आधुनिक ओळख जिजामाता सहकारी साखर कारखान्यामुळे झाली होती. तो बंद पडला आणि त्याच्याबरोबर तालुक्याची एक मोठी आशाही विझली. आता गावाजवळून समृद्धी महामार्ग जातो, ज्याचा नागपूर ते शिर्डी हा पहिला टप्पा डिसेंबर २०२२मध्ये खुला झाला, आणि त्यावरून धावणारी वाहने वऱ्हाड व मराठवाडा यांची जुनी हद्द क्षणभरात ओलांडतात. बैलगाडीने हीच हद्द ओलांडण्यासाठी एक संपूर्ण रात्र लागलेली माणसे अजून हयात आहेत, याचे भान त्या रस्त्यावर राहणे कठीण आहे.

त्या रात्रीपर्यंत गोष्टी कशा आल्या, हे थोडक्यात सांगणे आवश्यक आहे. हैदराबाद संस्थानात लोकांना प्रतिनिधी निवडण्याचा खरा अधिकार नव्हता, सभा आणि संघटना यांवर कडक बंधने होती, आणि बहुसंख्य प्रजा मराठी, तेलुगू व कानडी बोलणारी असताना राज्यकारभार व उच्च शिक्षण उर्दूत चाले. १९३८ साली हैदराबाद स्टेट काँग्रेसवर स्थापनेच्या वेळीच बंदी आली आणि ऑक्टोबरात सत्याग्रह सुरू झाला. बंदी उठायला १९४६ उजाडले. स्वामी रामानंद तीर्थ यांच्या नेतृत्वाखाली ७ ऑगस्ट १९४७पासून संस्थान भारतात विलीन व्हावे यासाठी आंदोलन सुरू झाले आणि १५ ऑगस्टला त्यांना अटक झाली. दुसरीकडे इत्तेहादुल मुसलमीन या संघटनेचे नेतृत्व लातूरचे वकील कासिम रझवी यांच्याकडे आले आणि तिच्या निमलष्करी स्वयंसेवकांनी, म्हणजे रझाकारांनी, खेड्यापाड्यांत दहशत बसवली. नोव्हेंबर १९४७मध्ये भारत सरकार व निजाम यांच्यात ‘जैसे थे’ करार झाला, म्हणजे एक वर्षभर आहे ती स्थिती चालू ठेवण्याचे ठरले. प्रत्यक्षात ते वर्ष सीमेवरच्या गावांसाठी सर्वांत अस्थिर ठरले. स्टेट काँग्रेसच्या कार्यकर्त्यांनी भारतीय हद्दीत, सोलापूर-बार्शीपासून वऱ्हाडातल्या उमरखेडपर्यंत, सशस्त्र प्रतिकाराचे तळ उभारले. त्यांना ‘कॅम्प’ असेच म्हणत, आणि हा इंग्रजी शब्द त्या पिढीतल्या निरक्षर स्त्रियांच्याही तोंडी अगदी रुळलेला आढळतो.

दुसरबीडच्या परिसरात राहणाऱ्या एका वृद्धेच्या आठवणी या लेखाच्या केंद्रस्थानी आहेत. सगळे गाव त्यांना आजी म्हणते. १९४८ साली त्या दहा-बारा वर्षांच्या होत्या, मंठ्याकडच्या एका खेड्यातून आईवडिलांबरोबर मामाच्या घरी आल्या, आणि पुढे याच भागात लग्न होऊन येथल्याच झाल्या. त्यांचे आयुष्य कोणत्याही कागदात नोंदलेले नाही आणि कोणत्याही लढ्यात त्यांचे नाव नाही. परंतु क्रांती घडत असताना जी बहुसंख्य माणसे तिच्या मधोमध केवळ जगत असतात, त्यांना काय दिसते आणि काय लक्षात राहते, याची साक्ष अशाच व्यक्ती देऊ शकतात.

आजींच्या बोलण्यात इसवी सन येत नाही. त्यांच्या कालगणनेत ‘रझाकारी’ हे एक वर्ष आहे, जसे काही कुटुंबांत १९७२चा दुष्काळ हे एक वर्ष असते, आणि त्या वर्षाचे पोटविभाग सणांनी पाडलेले आहेत. घर सोडले ते होळीनंतर, जेव्हा खळी आटोपली होती आणि अजून पाऊस लांब होता. लष्कर आल्याची वार्ता आली ती पोळा होऊन, महालक्ष्म्या उठल्यानंतर. ही दुसरी खूण पंचांगाशी ताडून पाहता येते. १९४८ साली पोळ्याची अमावास्या सप्टेंबरच्या पहिल्या आठवड्यात आली होती आणि भाद्रपदातल्या ज्येष्ठा गौरी, ज्यांना वऱ्हाड-मराठवाड्यात महालक्ष्म्या म्हणतात, त्या महिन्याच्या दुसऱ्या आठवड्यात बसून उठल्या. भारतीय सैन्य हैदराबाद संस्थानात शिरले ते १३ सप्टेंबरला पहाटे. एका निरक्षर स्त्रीने पाऊणशे वर्षांहून अधिक काळ सांभाळलेली तारीख इतकी नेमकी असावी, यामागे तिच्या स्मरणशक्तीइतकाच सणांच्या रचनेचा हात आहे, कारण ज्या वर्षी महालक्ष्म्या स्वतःच्या घरी मांडता आल्या नाहीत, ते वर्ष कोणत्याही गृहिणीच्या घरात विसरले जात नाही.

घर सोडण्याच्या रात्रीचे त्यांचे वर्णन वस्तूंनी भरलेले आहे. धान्य पेवात, म्हणजे जमिनीत खणलेल्या व शेणामातीने लिंपलेल्या कोठारात, ओतून वर माती व कडबा पसरण्यात आला. पितळेची मोठी भांडी दोराने विहिरीत सोडण्यात आली. दागिने आईने कमरेला बांधले. दुभती म्हैस बरोबर घेतली आणि भाकड जनावरे शेजाऱ्याच्या भरवशावर सोडली. गाडीच्या चाकांचा आवाज होऊ नये म्हणून आखाला जास्तीचे वंगण देण्यात आले आणि बैलांच्या गळ्यातल्या घुंगरमाळा काढून ठेवण्यात आल्या. मोठा रस्ता टाळून गाडी शेतांच्या बांधांवरून गेली, कारण मोठ्या रस्त्यावर करोडगिरीचा नाका होता. करोडगिरी म्हणजे निजामाच्या राज्यात येणाऱ्या-जाणाऱ्या मालावरची जकात. सीमेवरच्या माणसाला ती रोजच्या व्यवहारात इतकी जाचक होती की सरकार म्हणजे नाकेदार, अशीच अनेकांची समजूत होती. हद्द ओलांडल्यावर वडिलांनी गाडी थांबवून बैलांना पाणी पाजले, एवढेच आजी सांगतात. तेथे काही खांब होता की ओढा होता, हे त्यांना आठवत नाही.

अलीकडच्या बाजूला आल्यावर त्या मुलीला पहिला जो फरक जाणवला तो पैशाचा होता. निजामाच्या राज्यात ‘हाली’ हे स्वतंत्र नाणे चाले आणि ब्रिटिश हिंदुस्थानातल्या रुपयाला तेथे ‘कलदार’ म्हणत. साधारणपणे सात हाली रुपयांना सहा कलदार असा भाव असे. वडिलांनी आणलेले हाली रुपये मामाच्या गावात वाण्याने कमी भावाने घेतले, आणि आपला पैसा येथे हलका आहे, ही जाणीव त्या घराला अनेक महिने बोचत राहिली. निर्वासितांच्या इतिहासात छावण्या, अन्नछत्रे आणि पुढाऱ्यांचे दौरे यांची नोंद असते. पाहुण्याच्या घरात सहा महिने राहिल्याने मिठावरून आणि रॉकेलवरून होणाऱ्या कुरबुरी, एका चुलीवर दोन जावांऐवजी नणंद आणि भावजय आल्याने बदललेला घरचा तोल, आणि उपकाराखाली दबलेल्या पुरुषाचे गप्प होणे यांची नोंद होत नाही. आजींनी या गोष्टी कोणाविषयीही तक्रार न करता सांगितल्या. मामीने त्या काळात जेवढे केले तेवढे सख्ख्या बहिणीनेही केले नसते, असे त्या म्हणतात, आणि लगेच मामीने एकदा आईला काय बोलून दाखवले होते तेही सांगतात. दोन्ही गोष्टी खऱ्या असणार.

कॅम्पविषयीच्या त्यांच्या आठवणी भाकरीशी निगडित आहेत. हद्दीजवळ जी तरुण मुले येऊन-जाऊन असत, त्यांच्यासाठी गावातल्या घरांतून भाकऱ्या जात. प्रत्येक घराला भाकऱ्यांची संख्या ठरवून दिलेली असे आणि त्या गोळा करून धोतराच्या पानात बांधून पोहोचवण्याचे काम लहान मुलांकडे असे, कारण त्यांच्यावर कोणाचा संशय जात नसे. कॅम्पमधल्या त्या तरुणांची खरी नावे आजींना कळली नाहीत. ते परस्परांना टोपणनावांनी हाक मारत. हे तरुण रात्री पलीकडे जाऊन शिंदीची झाडे तोडत आणि नाके जाळत. शिंदीच्या झाडांपासून निघणाऱ्या नीरा-ताडीवरच्या अबकारी कराचे उत्पन्न निजाम सरकारला मोठे असल्याने ती झाडे तोडणे हा त्या लढ्यातला एक मान्य कार्यक्रम होता, आणि करोडगिरीचे नाके जाळणे हा दुसरा. तिसरा मार्ग सरकारी खजिन्यावर हात टाकण्याचा होता, ज्याचे सर्वांत गाजलेले उदाहरण म्हणजे ३० जानेवारी १९४८ रोजी, गांधीजींच्या हत्येच्या दिवशीच, नांदेड जिल्ह्यातील उमरी येथील बँकेवर झालेला छापा. आजींना उमरी माहीत नाही. त्यांना एवढेच आठवते की एका सकाळी भाकऱ्या नेल्या तेव्हा एका मुलाच्या भुवया जळालेल्या होत्या आणि तो हसत होता.

या सगळ्या कथनात एक गोष्ट विशेष लक्षात घेण्यासारखी आहे. ज्यांच्या भीतीने घर सोडले, त्या रझाकारांपैकी एकही आजींनी स्वतःच्या डोळ्यांनी पाहिला नव्हता. शेजारच्या गावात काय झाले, कोणाला झाडाला बांधले, कोणाची गंजी पेटवली, हे त्यांनी ऐकले. घोड्यांच्या टापा ऐकल्याचेही त्या सांगतात, पण ते घोडे कोणाचे होते हे त्यांना सांगता येत नाही, आणि त्या तसे प्रामाणिकपणे कबूल करतात. रझाकारांचे अत्याचार हे ऐतिहासिक सत्य आहे. ऑक्टोबर १९४६मध्ये बिलोलीजवळ गोविंदराव पानसरे यांची झालेली हत्या किंवा ऑगस्ट १९४८मध्ये हैदराबादेत निर्भीड पत्रकार शोएबुल्ला खान यांची झालेली हत्या यांसारख्या घटना पुराव्यानिशी सिद्ध आहेत. शोएबुल्ला खान स्वतः मुसलमान होते आणि विलीनीकरणाच्या बाजूने लिहीत होते, ही गोष्ट या लढ्याकडे केवळ दोन धर्मांतला झगडा म्हणून पाहणाऱ्यांनी ध्यानात ठेवावी. परंतु सीमेवरच्या हजारो कुटुंबांना गाव सोडायला लावणारी शक्ती प्रत्यक्ष आघाताची जितकी होती तितकीच वार्तेची होती, हे आजींच्या साक्षीतून जितके स्पष्ट होते तितके कोणत्याही अहवालातून होत नाही.

लष्करी कारवाई, जिला सरकारी भाषेत ‘पोलीस ॲक्शन’ म्हटले गेले आणि जिचे सैनिकी नाव ‘ऑपरेशन पोलो’ होते, ती पाच दिवसांत संपली. मेजर जनरल जयंतनाथ चौधरी यांच्या हाताखालील मुख्य फौज सोलापूरकडून शिरली, चाळीसगावकडून निघालेल्या तुकडीने कन्नड व दौलताबाद घेतले, आणि बुलढाण्याकडून उतरलेल्या तुकडीने जालना ताब्यात घेतले, जेथे हैदराबादच्या फौजेने बऱ्यापैकी प्रतिकार केला. १७ सप्टेंबरला निजामाने युद्धबंदी जाहीर केली व दुसऱ्या दिवशी त्याच्या सेनापतीने, जनरल एल इद्रूस यांनी, औपचारिक शरणागती पत्करली. त्या दिवसांची आजींची आठवण गुळाची आहे. जालना पडल्याची बातमी आली तेव्हा गावात घरोघर गूळ वाटला गेला, आणि वडील, जे कित्येक महिने फारसे बोलत नव्हते, त्यांनी ओसरीवर बसून मोठ्याने गाडीच्या दुरुस्तीचे बोलणे काढले.

परतीची हकिकत मात्र सरळ नाही. गावी परतल्यावर पेव शाबूत निघाले, जरी वरच्या थरातली ज्वारी कुबट झाली होती. विहिरीतली भांडी काढली, त्यांपैकी एक घागर सापडली नाही. हे सर्व सांगून झाल्यावर आजी गावातल्या मणेरणीविषयी बोलू लागल्या. मणेर म्हणजे बांगड्यांचा व्यवसाय करणारी मुस्लिम जमात. लग्नसराईत व संक्रांतीला ही मणेरीण घरोघर येऊन बांगड्या भरत असे आणि लहान मुलींच्या हातात एक जादा बांगडी फुकट घाले. परतल्यावर तिच्या घराचे दार उघडे होते, छपराचे वासे काढून नेलेले होते आणि अंगणात काचेचा खच पडला होता. ती कुठे गेली, असे मुलीने आईला विचारले, तेव्हा आईने तिला गप्प केले, आणि त्यानंतर त्या घराविषयी कोणी काही बोलले नाही. पुढे संक्रांतीला दुसऱ्या गावचा कासार येऊ लागला. ही हकिकत आजींनी बाकीच्या गोष्टींच्याच स्वरात सांगितली, पण ती त्यांनी कोणी न विचारता सांगितली, मग त्या पुन्हा घागरीवर आल्या, आणि नंतर ती पुन्हा एकदा सांगितली.

या आठवणीमागचा व्यापक इतिहास फार काळ झाकून ठेवण्यात आला होता. सैन्याच्या कारवाईनंतरच्या आठवड्यांत संस्थानाच्या अनेक भागांत, विशेषतः उस्मानाबाद, गुलबर्गा, बीदर आणि नांदेड या जिल्ह्यांत, मुस्लिम वस्त्यांवर सुडाचे हल्ले झाले. पंडित सुंदरलाल यांच्या अध्यक्षतेखाली भारत सरकारने पाठवलेल्या समितीने मृतांची संख्या कमीत कमी २७ हजार ते ४० हजार असावी असा अंदाज केला. तो अहवाल प्रकाशित झाला नाही आणि कित्येक दशके सामान्य वाचकाच्या हाती आला नाही. रझाकारांच्या जुलमाचे स्मरण ठेवणे आणि या हत्यांचे स्मरण ठेवणे यांत विरोध नाही. उलट, जी स्मृती यांपैकी एकच गोष्ट ठेवते ती अपुरी आहे, आणि मराठी लेखनात हा अपुरेपणा दीर्घकाळ चालत आला, ही खेदाची गोष्ट होय. अनंत भालेराव यांच्यासारख्या लढ्यातल्या प्रत्यक्ष सहभागींनी मराठवाड्याच्या मुक्तिसंग्रामाचा मोठा इतिहास लिहून ठेवला, त्याबद्दल मराठी वाचक त्यांचे ऋणी आहेत. पण खेड्यातल्या मणेरणीचे काय झाले, हे कार्यकर्त्यांच्या इतिहासात येणे कठीणच होते. ते येते ते दहा वर्षांच्या मुलीच्या नजरेतून, जिला कोणती बाजू बरोबर आहे हे शिकवलेले असले तरी जादा बांगडी कोण देत असे हे ती विसरू शकत नाही.

मौखिक इतिहासाच्या, म्हणजे माणसांच्या तोंडून ऐकून नोंदवलेल्या इतिहासाच्या, अभ्यासात इटलीचे आलेस्सांद्रो पोर्तेल्ली यांचे एक उदाहरण नेहमी दिले जाते. तेर्नी या पोलाद कारखान्याच्या शहरात १९४९ साली पोलिसांच्या हातून एक तरुण कामगार मारला गेला, पण अनेक वृद्ध कामगार ती घटना १९५३च्या मोठ्या कामगारकपातीच्या वेळची म्हणून सांगत. पोर्तेल्ली यांनी ही चूक बाजूला टाकली नाही. कामगारांनी त्या मृत्यूला कोणता अर्थ दिला होता, याचा ती पुरावा आहे असे त्यांनी मानले. आजींच्या कथनात तारीख अचूक आहे आणि त्या दृष्टीने तेर्नीचे उदाहरण त्यांना लागू पडत नाही. त्यांच्या कथनात अर्थ दडला आहे तो क्रमात: घागर, मग मणेरीण, मग पुन्हा घागर. न सापडलेल्या वस्तूच्या दोन उल्लेखांच्या मध्ये न सापडलेली व्यक्ती येते.

स्वातंत्र्यसैनिकांसाठी केंद्र सरकारने १९७२ साली सन्मान निवृत्तिवेतनाची योजना सुरू केली आणि पुढे हैदराबाद मुक्तिसंग्रामातील सहभागींनाही तिचा लाभ मिळू लागला. पात्रतेची मुख्य कसोटी सहा महिन्यांच्या तुरुंगवासाची किंवा तेवढ्या काळाच्या भूमिगत जीवनाची होती, आणि स्त्रियांसाठी व अनुसूचित जाती-जमातींसाठी तुरुंगवासाची अट तीन महिन्यांची होती. अशा योजनेला काही निश्चित कसोटी हवीच, शिवाय बीड जिल्ह्यातील बोगस स्वातंत्र्यसैनिकांच्या प्रकरणाने कागदी पुराव्याचा आणि शिफारसपत्रांचा किती गैरवापर होऊ शकतो हे दाखवून दिले. तथापि या कसोटीत भाकऱ्या थापणाऱ्या मामीला, त्या पोहोचवणाऱ्या मुलीला किंवा अनोळखी कुटुंबांना अर्धे घर मोकळे करून देणाऱ्या वऱ्हाडी शेतकऱ्याला जागा नव्हती. जालना जिल्ह्यातील धोपटेश्वरच्या दगडाबाई शेळके यांच्यासारख्या, हाती शस्त्र घेऊन लढलेल्या स्त्रीचे नावदेखील सर्वसामान्य मराठी वाचकापर्यंत फार उशिरा पोहोचले, मग चुलीपाशी राहिलेल्यांचे नाव कोण घेणार? आजींनी निवृत्तिवेतनासाठी कधी अर्ज केला नाही. तसे काही आपल्याला लागू असेल, हा विचारच त्यांच्या मनात आलेला दिसत नाही.

१९४८ला केवळ राजवट बदलली की खरोखर क्रांती झाली, या प्रश्नाचे उत्तर पुढच्या काही वर्षांत शोधावे लागते. १९४९ साली जहागिऱ्या रद्द झाल्या, निजामाच्या खासगी मालकीचा ‘सर्फ-ए-खास’ मुलूख सरकारात जमा झाला, आणि १९५०च्या कूळ कायद्याने कसणाऱ्याला संरक्षण मिळाले. निजाम स्वतः राजप्रमुख म्हणून १९५६पर्यंत राहिला. आजींच्या माहेरी जमिनीचा जुना कागद उर्दूत होता आणि तो वाचण्यासाठी वडिलांना तालुक्याच्या गावी जाऊन माणूस शोधावा लागे. नव्या राज्यात कागद मराठीत आला, ही त्या घराच्या दृष्टीने सर्वांत मोठी घटना होती. वडील उर्दू शाळेत दोन इयत्ता शिकलेले असल्याने सही उर्दूतच करत आणि मृत्यूपर्यंत तशीच करत राहिले. १ नोव्हेंबर १९५६ रोजी मराठवाडा आणि विदर्भ दोन्ही द्विभाषिक मुंबई राज्यात आले आणि सीमेच्या दोन्ही बाजू १८५३नंतर प्रथमच एका सरकारखाली नांदू लागल्या. सासर आणि माहेर एका राज्यात आले, असे आजी त्याविषयी म्हणतात, आणि १९६०च्या महाराष्ट्र स्थापनेचा त्या वेगळा उल्लेख करत नाहीत.

दुसरबीडहून पुढे किनगाव राजा आणि सिंदखेड राजा लागते, जेथे लखुजी जाधवांचा वाडा आणि १५९८ साली जिजाबाईंचा जेथे जन्म झाला ते स्थान पाहायला वर्षभर माणसे येतात. त्यानंतर नाव्ह्याकडे रस्ता वळला की जालना जिल्हा सुरू होतो. हद्दीवर आता पाटीखेरीज काही नाही. जालना शहरात हुतात्मा जनार्दन मामा यांच्या नावाचा चौक आहे आणि दरवर्षी १७ सप्टेंबरला मराठवाड्याच्या सर्व जिल्ह्यांत मुक्तिसंग्राम दिनाचे ध्वजारोहण होते. बुलढाणा जिल्हा विदर्भात असल्याने दुसरबीडला तो दिवस कामकाजाचा असतो. ज्या गावांनी निर्वासितांना आसरा दिला, त्यांच्या शाळांत त्या दिवसाचा उल्लेख होण्याचे कारण प्रशासनाला उरलेले नाही, आणि मोगलाईतून आलेल्या ज्या मुली येथेच सुना होऊन राहिल्या, त्यांच्या आठवणी जिल्ह्याच्या हद्दीमुळे सोहळ्याबाहेर राहिल्या आहेत.

ही उणीव भरून काढणे अवघड नाही, पण त्यासाठी फार वेळ शिल्लक नाही, कारण १९४८ साली ज्यांना कळत होते ती माणसे आता ऐंशीच्या पुढे आहेत. मेहकर, लोणार, सिंदखेड राजा आणि देऊळगाव राजा या तालुक्यांतील महाविद्यालयांच्या इतिहास विभागांनी विद्यार्थ्यांना सीमेवरच्या गावांत पाठवून या आठवणी ध्वनिमुद्रित करून घ्याव्यात, आणि विचारायचे प्रश्न पुढाऱ्यांविषयीचे नसावेत: कोणाच्या घरी किती माणसे उतरली होती, हाली रुपया कोणत्या भावाने मोडला, भाकऱ्यांची वाटणी कोण करत असे, परत गेल्यावर गावात कोण नव्हते. शेवटचा प्रश्न सर्वांत अवघड आहे आणि तो सर्वांत आधी विचारला पाहिजे.